भारतीय फुटबॉलचा दुसरा स्तर : हंगामवार तक्त्याच्या प्रकल्प नोंदी

४ ऑगस्ट २०२५ : व्याप्ती

पहिला निर्णय: तक्ता लीगच्या नावावर नाही, पायरीवर लावायचा. 'आय-लीग' हे नाव २००७–०८ मध्ये देशातल्या सर्वोच्च स्पर्धेला मिळाले. २०२२–२३ मध्ये तेच नाव दुसऱ्या स्तराच्या स्पर्धेकडे गेले. नावावर रकाना लावला तर धेंपोचे २००७–०८ चे राष्ट्रीय विजेतेपद आणि राउंडग्लास पंजाबचे २०२२–२३ चे दुसऱ्या स्तराचे विजेतेपद एकाखाली एक येतात आणि वाचणाऱ्याला ते सारखेच वाटतात.

चार कालखंड ठरले.

(अ) १९९७–९८ पासून राष्ट्रीय फुटबॉल लीगचा द्वितीय विभाग. मुख्य लीग १९९६–९७ मध्ये सुरू झाली, पहिला विजेता फगवाड्याचा जेसीटी.
(आ) २००८ ते २०१७, आय-लीग द्वितीय विभाग.
(इ) २०१७–१८ ते २०२१–२२, संक्रमण.
(ई) २०२२–२३ पासून खुद्द आय-लीग.

(इ) साठी स्तराच्या रकान्यात एकच आकडा लिहायचा नाही. २०१७–१८ मध्ये आशियाई महासंघाची (एएफसी) मान्यता घेऊन इंडियन सुपर लीग (आयएसएल) आणि आय-लीग समांतर चालल्या. २०१९–२० पासून आयएसएलच्या साखळीतील अव्वल संघाला आशियाई चॅम्पियन्स लीगचे दार उघडले आणि आय-लीग विजेत्याकडे एएफसी कप ही आशियातली दुय्यम क्लब स्पर्धा राहिली. ऑक्टोबर २०१९ मध्ये क्वालालंपूरला ठरलेल्या आराखड्याने आयएसएलला अव्वल ठरवले, पण मैदानावरून वर जाण्याची वाट प्रत्यक्षात २०२२–२३ च्या विजेत्यालाच मिळाली. म्हणून या पाच हंगामांना '१/२' असे चिन्ह.

७ ऑगस्ट : रकाने आणि खुणा

प्रत्येक हंगामाला एक ओळ: हंगाम, स्तर, संघसंख्या, सामने, पद्धत, विजेता, आत आलेले, बाहेर गेलेले. शेवटच्या दोन रकान्यांत क्लबच्या नावापुढे खूण लावणे सक्तीचे.

मै – मैदानावरच्या निकालाने
प – परवान्याच्या अटी न पुरवल्याने
मा – माघार किंवा क्लब बंद
स्था – दुसऱ्या लीगमध्ये गेला किंवा विलीन झाला
थे – थेट प्रवेश, निविदेतून किंवा अखिल भारतीय फुटबॉल महासंघाचा (पुढे नुसता 'महासंघ') विकास संघ म्हणून
पु – पुनर्प्रवेश

नुसते 'वर' आणि 'खाली' लिहून भारतीय लीगचा इतिहास कळत नाही. खुणेशिवाय ओळ तक्त्यात घ्यायची नाही.

९ ऑगस्ट : नावांचा घोळ

सर्वांत जास्त चुका इथे होतात. 'चिराग युनायटेड' या नावाचे दोन क्लब आहेत. कोलकात्याचा चिराग युनायटेड २००८ मध्ये वर आला, २०११ मध्ये प्रयाग युनायटेड झाला आणि नंतर नुसता युनायटेड. त्याच २०११ मध्ये केरळचा व्हिवा केरळ 'चिराग युनायटेड केरळ' झाला. म्हणून २०११–१२ ला खाली गेलेला चिराग केरळचा, कोलकात्याचा नव्हे. संगणकाने नावे एकत्र केली की एका क्लबची पदावनती दुसऱ्याच्या खात्यात पडते.

मराठी वाचकांसाठी आणखी तीन जोड्या. मुंबई एफसी (स्थापना २००७) आणि मुंबई सिटी (२०१४, आयएसएल) वेगळे. पुणे एफसी आणि एफसी पुणे सिटी वेगळे. बेंगळुरू एफसी, एफसी बेंगळुरू युनायटेड आणि स्पोर्टिंग क्लब बेंगळुरू हे तीन क्लब. उलट मिनर्व्हा पंजाब, पंजाब एफसी आणि राउंडग्लास पंजाब हा एकच क्लब.

उपाय: प्रत्येक क्लबला कायमचा क्रमांक द्यायचा आणि नाव हंगामानुसार वेगळ्या रकान्यात ठेवायचे. गोव्याच्या क्लबांची लिपी एकसारखी: धेंपो, साळगावकर. 'डेंपो' आणि 'सालगावकर' शोधासाठी पर्यायी नावे म्हणून राहतील.

१४ ऑगस्ट : जमा-वजा ताळा

दुसऱ्या स्तरातून वर गेलेला संघ पुढच्या हंगामात पहिल्या स्तराच्या हजेरीत दिसलाच पाहिजे. म्हणून वरच्या लीगची संघसंख्या हाच खालच्या लीगचा ताळा. मागची संख्या, वजा गेलेले, अधिक आलेले, बरोबर नवी संख्या. जुळले नाही तर एखादे दार नोंदवायचे राहिले.

२००७–०८: १० संघ. साळगावकर आणि व्हिवा केरळ खाली. द्वितीय विभागातून विजेता मुंबई एफसी, सोबत मोहम्मेडन स्पोर्टिंग, चिराग युनायटेड, वास्को. १० − २ + ४ = १२. जुळले.

२००८–०९: मोहम्मेडन आणि वास्को वर्षभरात परत खाली. साळगावकर, व्हिवा केरळ, पुणे एफसी, शिलाँग लाजाँग वर. १२ − २ + ४ = १४. जुळले.

२००९–१०: लाजाँग आणि स्पोर्टिंग क्लब द गोवा खाली; ओएनजीसी आणि एचएएल वर. १४ − २ + २ = १४. संख्या जुळली, पण पुढच्या वर्षीच्या यादीत महिंद्र युनायटेड नाही आणि महासंघाचा तरुणांचा संघ (पुढे इंडियन ॲरोज) आहे. महिंद्रने हंगाम संपल्यावर संघ बंद केला होता. एक गळती आणि एक भर एकमेकांना झाकून गेल्या. संख्येचा ताळा पुरेसा नाही. यादी यादीशी लावायची.

२०१०–११: ओएनजीसी आणि जेसीटी खाली, लाजाँग आणि स्पोर्टिंग वर. जेसीटी खाली गेला, पण खालच्या लीगमध्ये कधी उतरला नाही. जून २०११ मध्ये संघच बंद झाला. पहिल्या राष्ट्रीय विजेत्याच्या ओळीत दोन खुणा लागतात: 'मै' आणि लगेच 'मा'.

२०११–१२: एचएएल आणि चिराग युनायटेड केरळ खाली, द्वितीय विभागाचा विजेता युनायटेड सिक्कीम आणि ओएनजीसी वर. १४.

ओएनजीसीची ओळ पाहण्यासारखी: २०१० वर, २०११ खाली, २०१२ वर. त्यांचे पुढचे जाणे मात्र गुणतालिकेतून झाले नाही.

२२ ऑगस्ट : सामने आणि गुणांचा ताळा

घरचा-बाहेरचा साखळी सामना असेल तर सामने = संघ × (संघ − १). ९ संघ ७२, १० संघ ९०, ११ संघ ११०, १२ संघ १३२, १३ संघ १५६, १४ संघ १८२. सर्व संघांच्या गुणांची बेरीज = ३ × सामने − बरोबरीत सुटलेले सामने. केलेले गोल आणि स्वीकारलेले गोल यांच्या बेरजा समान.

सूत्र चालत नाही असे हंगाम:

२०१२–१३. मोहन बागानने ९ डिसेंबर २०१२ ला ईस्ट बंगालविरुद्धचा सामना अर्धवट सोडला. आधी बंदी आली, मग मिळवलेले गुण शून्य करून त्यांना परत घेतले. गुणांची बेरीज सूत्रापेक्षा कमीच येणार. 'गुणवजावट' असा रकाना वाढवला. तो नसेल तर तक्ता भरणारा विजयांची संख्या कमी करून बेरीज जुळवतो आणि खऱ्या निकालांची नोंद बिघडते.

२०१९–२०. ११ संघ, म्हणजे ११० सामने. कोविडमुळे उरलेले २८ रद्द, झाले ८२. १६ सामन्यांत ३९ गुणांवर मोहन बागान विजेता. १० मार्च २०२० ला कल्याणीत आयझॉलला हरवून त्यांनी विजेतेपद आधीच पक्के केले होते, त्यामुळे विजेत्याबद्दल वाद नाही. खाली कोणी गेले नाही. विजेता स्वतः पुढच्या हंगामात आयएसएलमध्ये: 'स्था'.

२०२०–२१. सर्व सामने कोलकाता आणि कल्याणीत. ११ संघांची एकेरी साखळी ५५, मग वरच्या सहांची १५ आणि खालच्या पाचांची १०, एकूण ८०.

२०२१–२२. १३ संघ: ७८, मग वरचे सात २१, खालचे सहा १५, एकूण ११४. दोन्ही वर्षी गोकुलम केरळ विजेता. या दोन हंगामांत वरच्या आणि खालच्या गटांतल्या संघांचे सामने समान नाहीत, म्हणून गुणांची तुलना गटाबाहेर करायची नाही.

३१ ऑगस्ट : शेवटून दुसरा

या प्रकल्पातला सर्वांत महत्त्वाचा नियम गुणतालिकेत दिसत नाही. निविदेतून थेट आलेल्या संघाला सुरुवातीला पदावनतीपासून संरक्षण होते. म्हणजे तो तळाला राहिला तर त्याच्या वरचा संघ खाली जायचा.

२०१४–१५: ११ संघ. अकरावा पुण्याचा भारत एफसी, थेट प्रवेशवाला. दहावा धेंपो. खाली गेला धेंपो, देशाचा पाच वेळचा विजेता. आणि भारत एफसी? त्या एकाच हंगामानंतर बंद.

२०१५–१६: ९ संघ. नववा डीएसके शिवाजीयन्स, हाही पुण्याचा, हाही थेट प्रवेशवाला. आठवा आयझॉल, जो वर्षभरापूर्वी द्वितीय विभाग जिंकून स्वतःच्या पायांवर वर आला होता. खाली गेला आयझॉल.

तक्त्यात 'सर्वांत तळाचा संघ खाली' असा आपोआप भरणारा नियम ठेवला तर ही दोन्ही वर्षे चुकतात. म्हणून 'खाली' हा रकाना हातानेच भरायचा आणि थेट आलेल्या संघापुढे 'संरक्षित' लिहायचे.

आयझॉलच्या ओळीत आणखी एक खूण येते. मे २०१६ मध्ये महासंघाने आयएसएल वर आणि तिच्याखाली 'लीग वन', 'लीग टू' अशी रचना मांडली. तिच्या निषेधात जून २०१६ मध्ये साळगावकर आणि स्पोर्टिंग क्लब द गोवा बाहेर पडले. जागा रिकाम्या झाल्या आणि आयझॉलला परत घेतले: 'पु'. पुढच्याच हंगामात, ३० एप्रिल २०१७ ला, शिलाँगमध्ये लाजाँगशी १–१ बरोबरी करून आयझॉल ३७ गुणांवर देशाचा विजेता झाला. मोहन बागान ३६. प्रशिक्षक खालिद जमील त्याआधी अनेक वर्षे मुंबई एफसीकडे होते, आणि त्याच हंगामात मुंबई एफसी तळाला जाऊन खाली गेला. कागदावर दुसऱ्या स्तरात ढकललेला संघ वर्षभरात राष्ट्रीय विजेता होतो, ही ओळ तक्त्यात ठळक असलीच पाहिजे.

५ सप्टेंबर : गळतीची मोजणी

खुणा लावून झाल्यावर पहिल्या स्तरातून बाहेर गेलेल्यांची मोजणी.

२००७–०८ ते २०११–१२: मैदानावर १०, मैदानाबाहेर १ (महिंद्र युनायटेड; जेसीटी मैदानावर धरला).

२०१२–१३ ते २०१६–१७: मैदानावर ५, त्यातली आयझॉलची रद्द. मैदानाबाहेर १३.

हे १३ असे. परवाना: एअर इंडिया, ओएनजीसी (२०१३), चर्चिल ब्रदर्स, रंगदाजिएद युनायटेड, युनायटेड (२०१४). माघार किंवा बंद: ॲरोज (२०१३), रॉयल वाहिंगदोह, पुणे एफसी, भारत एफसी (२०१५), साळगावकर, स्पोर्टिंग (२०१६), डीएसके शिवाजीयन्स (२०१७). स्थलांतर: बेंगळुरू एफसी, आयएसएलमध्ये.

१३ पैकी पाच महाराष्ट्राचे, तीन गोव्याचे. २००९–१० च्या १४ संघांत महाराष्ट्राचे चार (महिंद्र, एअर इंडिया, मुंबई एफसी, पुणे एफसी) आणि गोव्याचे चार (धेंपो, चर्चिल, साळगावकर, स्पोर्टिंग), म्हणजे अर्ध्याहून जास्त. २०१७–१८ च्या १० संघांत महाराष्ट्राचा एकही नाही, गोव्याचा एकटा चर्चिल. कूपरेज आणि बालेवाडीवर राष्ट्रीय लीगचा घरचा सामना बघणाऱ्यांचे क्लब मैदानावर हरून गेले नाहीत. मुंबई एफसी तेवढा अपवाद. हे वाक्य तक्त्याच्या प्रस्तावनेत जाईल.

परवान्याबद्दल एक खुलासा. आशियाई महासंघाच्या अटींत क्लब स्वतंत्र कायदेशीर संस्था असणे, युवा संघ, मैदान, हिशेब अशा गोष्टी येतात. कंपनीचा खाते-संघ, म्हणजे कंपनीच्याच एका विभागासारखा चालणारा संघ, या चौकटीत बसायला अवघड. चर्चिलची गोष्ट वेगळी: २०१२–१३ चा विजेता आणि जानेवारी २०१४ चा फेडरेशन कप विजेता त्याच वर्षी लीगबाहेर गेला आणि २०१६–१७ मध्ये परत आला. त्याच्या ओळीत 'प', मग 'पु'.

६ सप्टेंबर

ताळा पुढे चालवला; इथे लिहिलेला हंगाम नव्या संख्येचा. २०१३–१४: १४ − ४ + ३ = १३. २०१४–१५: १३ − ४ + २ = ११. २०१५–१६: ११ − ४ + २ = ९. २०१६–१७: ९ − २ + ३ = १०. २०१७–१८: १० − ३ + ३ = १०. याद्याही जुळल्या.

१३ सप्टेंबर : द्वितीय विभागाची पद्धत

खालची लीग बहुतेक वेळा गटांत खेळली गेली आणि मग निवडक संघांची अंतिम फेरी. गटातले गुण अंतिम फेरीत नेले जात नसतील तर दोन तक्ते करायचे. बेरीज करून एकच 'अंतिम तक्ता' बनवणे ही सर्रास होणारी चूक.

दुसरी चूक: २०१७–१८ पासून आयएसएल क्लबांचे राखीव संघ इथे खेळू लागले, पण त्यांना बढतीचा हक्क नव्हता. गटात राखीव संघ पुढे असेल तर 'पात्र क्रमांक' वेगळा लिहायचा. त्या हंगामात १८ संघ, शेवटी चार संघांची फेरी बेंगळुरूत. ३० मे २०१८ ला हिंदुस्तान एफसीला ३–२ हरवून रिअल काश्मीर वर.

विजेत्यांची रांग: २०१३ रंगदाजिएद, २०१४ रॉयल वाहिंगदोह, २०१५ आयझॉल, २०१६ धेंपो, २०१७ नेरोका, २०१८ रिअल काश्मीर, २०१९ ट्राऊ. धेंपो सोडला तर सगळे ईशान्येचे आणि काश्मीरचे. मैदानावरून वर जाण्याचा रस्ता ज्यांनी खरोखर वापरला ते हे क्लब. आणि ते फक्त आले नाहीत: वर आल्यावर पहिल्याच हंगामात वाहिंगदोह तिसरा, नेरोका दुसरा, रिअल काश्मीर तिसरा. त्याआधी पुणे एफसीही २००९–१० मध्ये आल्या आल्या तिसरा. 'बढतीनंतरचा पहिला क्रमांक' हा रकाना वाढवला. दोन स्तरांतले अंतर किती होते ते तो नेमके सांगतो.

२०२० आणि २०२१ च्या पात्रता स्पर्धांना वेगळी ओळ. २०२०: पाच संघ, १० सामने, मोहम्मेडन वर. २०२१: राजस्थान युनायटेड विजेता, दुसरा मुंबईचा केंकरे एफसी. चेन्नई सिटी बाहेर गेल्यावर केंकरेलाही जागा मिळाली, त्यामुळे त्याला नुसता 'मै' लावायचा नाही. 'रिक्त जागेवर' अशी टीप.

२० सप्टेंबर : आय-लीग, दुसरा स्तर

२०२२–२३: १२ संघ, राउंडग्लास पंजाब ५२ गुण, २२ सामने. मैदानावर जिंकून आयएसएलमध्ये गेलेला पहिला क्लब. खाली: सुदेवा दिल्ली आणि मुंबई केंकरे.

२०२३–२४: १३ संघ, मोहम्मेडन स्पोर्टिंग ५२ गुण, २४ सामने. ६ एप्रिल २०२४ ला शिलाँगमध्ये लाजाँगवर २–१ विजयाने नक्की. खाली: नेरोका आणि ट्राऊ.

दोन्हीकडे ५२ दिसतात, पण एक सरासरी २.३६ आणि दुसरी २.१७. 'सर्वाधिक गुण' या यादीत प्रतिसामना गुण लिहायचे.

थेट प्रवेश दुसऱ्या स्तरातही चालू राहिला: २०२३–२४ मध्ये इंटर काशी आणि नामधारी. ताळा: १२ − ३ + ४ = १३, पुढे १३ − ३ + २ = १२.

२७ सप्टेंबर : २०२४–२५ ची ओळ दुरुस्त

जुन्या प्रतीत विजेता चर्चिल ब्रदर्स, ४० गुण. इंटर काशी ३९. एप्रिल २०२५ मध्ये तसेच जाहीर झाले होते. वाद १३ जानेवारी २०२५ च्या नामधारी–इंटर काशी सामन्यातल्या अपात्र खेळाडूचा, आणि शिवाय काशीच्या एका परदेशी खेळाडूच्या नोंदणीचा. लोझानच्या क्रीडा लवाद न्यायालयाचा निकाल १८ जुलै २०२५ ला काशीच्या बाजूने लागला: काशी ४२, चर्चिल ४०.

लक्षात ठेवायचे ते हे, की अशी चूक कोणत्याही ताळ्यात सापडत नाही. एका सामन्याचे तीन गुण एका संघाकडून दुसऱ्याकडे गेले तर एकूण बेरीज तशीच राहते, विजय-पराभवांची बेरीजही तशीच. म्हणून प्रत्येक ओळीला 'कोणत्या तारखेची गुणतालिका' असा रकाना. या ओळीत: १८ जुलै २०२५ नंतरची. मैदानावरचा निकाल आणि बहाल केलेला निकाल, दोन्ही सामन्यांच्या यादीत राहतील.

४ ऑक्टोबर : धेंपोची ओळ

क्लबवार पानांतले शेवटचे. २०१४–१५: पहिला स्तर, दहावा, खाली (मै, संरक्षित संघामुळे). २०१५–१६: दुसरा स्तर, विजेता. २०१६: वरची जागा घेतली नाही (मा). २०२३–२४: आय-लीग २, म्हणजे आता तिसरा स्तर, उपविजेता, वर (मै). २०२४–२५: आय-लीग.

मसुद्यात इथे 'आय-लीगमध्ये पुनरागमन' असे होते. खोडले. २०१६ मध्ये सोडलेली जागा पहिल्या स्तराची होती. २०२४ मध्ये मिळवली ती दुसऱ्या स्तराची. नवी नोंद: 'दुसऱ्या स्तरावर प्रवेश, तिसऱ्या स्तरातून.'